गुडघ्यावरचा वण

माझ्या गुडघ्याला गोळी कधी लागलीच नव्हती. खेचरानं लाथ मारली होती. तीही त्या बिचाऱ्यानं उगाच मारली नाही — बराकीतल्या पोरांना हसवायला म्हणून मी त्याच्या शेपटीला टिनाचा डबा बांधत होतो.

हे मी आजवर बोललो नाही. म्हणजे — एका बाईपाशी बोललो, ती पुढं येईलच. बायको गेली ती शूराची बायको म्हणून गेली. नातवंडं अजून वणावर बोट ठेवून विचारतात. तुम्ही समोर बसला आहात असं धरून सांगतो. खरोखर बसला असता तर सांगितलं असतं का? नसतं.

आमचं गाव कऱ्हाड आणि विट्याच्या मधलं. साठ-सत्तर उंबरे, जोंधळा, भुईमूग, विहिरीखाली थोडा ऊस. एक पोरगा औताला आणि एक पलटणीला, अशी घरोघरची वाटणी. महायुद्ध सुरू झालं तसा मीही गेलो, खेचरांच्या कंपनीत. समुद्र पाहिला नाही. दुश्मन पाहिला नाही. काय मार खाल्ला तो आपल्याच बाजूच्या जनावराचा. गुडघा निकामी झाला, नाव कमी झालं, घरी आलो.

मोटारीतून उतरलो तर पारावर बसलेल्यांपैकी कुणीतरी विचारलं, "गोळी व्हय रं?"

मी हो म्हणालो नाही. नुसती मान खाली घातली. मान खाली घालून केवढं मोठं खोटं बोलता येतं, ते मला तिथं कळलं — आणि आवडलं, हेही सांगून टाकतो.

मग काय? पाडव्यापर्यंत ती गोळी जर्मनाची झाली. पेरणीपर्यंत मी एका जखमी सुभेदाराला पाठीवर घेऊन वाळवंट ओलांडलं. पलटणीत रोज मटण, पांढरा पाव, संत्री, असंही सांगायचो. माझी जीभ चांगली चालायची. पाय चालत नव्हता, त्याची सगळी कसर तिनं भरून काढली. संध्याकाळी पारावर पोरं जमायची, आणि त्या पोरांत सगळ्यांत पुढं बसायचा निवृत्ती.

निवृत्ती माझ्या भावकीतला, गंगाकाकीचा एकुलता एक. काकी लवकर विधवा झालेली. मेढ्याकडची लेक, माहेरी तट्टांवर माल लादून घाट चढायचा धंदा. मी कुबडी घेऊन आलो तेव्हा पट्टी सोडून रोज निर्गुडीचा शेक तिनंच दिला. काही विचारलं नाही. आई नव्हती मला; ती कसर तिनं भरली. आणि मी काय भरलं?

एके दिवशी ती बांधावर मला गाठून म्हणाली, "निवरूत्ती भरतीला जातु म्हनतोय. माझं ऐकत न्हाई, तुझं ऐकंल. खरं काय ते सांग त्याला."

सांगतो म्हणालो.

त्याच संध्याकाळी तो एकटाच आला. म्हणाला, "दादा, तू सांगशील तसं. जाऊ का ऱ्हाऊ?" — आता बघा, किती सोपं होतं. विजार वर करायची, वण दाखवायचा आणि म्हणायचं, गड्या, हे खेचराचं काम हाय, बाकी सगळी थाप. तो हसला असता. गावभर सांगितलं असतं. मला पुढं वर्षभर पारावर बसता आलं नसतं. एवढंच. एका पोराच्या बदल्यात वर्षभराचा पार — मी पार ठेवला. "मर्दाला इचारावं लागत न्हाई," असं काहीतरी म्हणालो. ते वाक्य तेव्हा मला फार आवडलं होतं.

तो गेला. त्याच्यामागं आळीतली आणखी पोरं गेली. काही मुंबईला गिरण्यांत गेली. गाव एकदम ओस पडलं नाही. गावं तशी पडत नाहीत. आधी पारावरची जागा सैल झाली. मग बायका औत धरू लागल्या. मग गुऱ्हाळाला माणूस मिळेना म्हणून माणदेशातली दुष्काळी कुटुंबं आली आणि आमच्या बंद घरांतून त्यांच्या चुली पेटल्या. तालमीत शेळ्या बांधल्या गेल्या. ब्रह्मदेशात निवृत्ती पडल्याची तार आली तेव्हा ती वाचून दाखवायला आळीत मीच उरलो होतो.

वाचली. वाचता वाचता त्यात "शूरासारखा" असा एक शब्द घातला. तारेत नव्हता. काकी माझ्याकडे बघत राहिली.

आमच्याकडं चैत्रात भैरोबाची काठी उठते. दोन पुरुष उंचीची, वर निशाण, आणि तोल राखायला चौफेर दोर. उंबऱ्यामागं एक गडी दोराला हवाच, नाहीतर ते घर देवाच्या हिशेबी उठलं. त्या वर्षी दोर जास्त आणि हात कमी. माणदेशातल्या माणसांना हाताला धरून आणलं. देवाला त्यांची नावंसुद्धा ठाऊक नव्हती. पाटलानं काकीला विचारलं, तुमच्या उंबऱ्याचा कोण? ज्या घरात पुरुष नाही, त्यानं आपल्या वतीनं कुणालाही उभं करावं, अशी रीत. सगळ्या गावासमोर काकीनं माझ्याकडं बोट दाखवलं.

लोकांना वाटलं, केवढी माया.

मला तो दोर धरवणार नव्हता. यात्रेच्या आदल्या दुपारी तिच्या ओसरीवर गेलो. ती सुपात नैवेद्याचे गहू निवडत होती. उभ्या उभ्या सगळं सांगितलं — डबा, खेचर, पार, निवृत्ती, मी काय म्हणालो ते. ती निवडत राहिली.

"ठावं हाय," ती म्हणाली. "शेक कुनी दिला? नालेचा वण मला वळकंना व्हय?"

"मग तवाच का बोलली न्हाईस, काकी?"

"म्हनलं हुतं की. खरं काय ते सांग त्याला म्हून."

मी ओसरीवरच बसलो. रडलो म्हणावं, तर तेही धड आलं नाही.

दुसऱ्या दिवशी दोर धरला. काकी होती तोवर दर चैत्रात धरला. पण त्या दुपारी, मी ओसरीवरून उठण्याआधी, तिनं सूप खाली ठेवलं, माझ्या गुडघ्याकडं पाहिलं, मग तोंडाकडं, आणि म्हणाली ते अजून कानात जसंच्या तसं आहे —

"मेल्या, त्या खेचराचा नेम चुकला. गुडघ्यावर न्हवं, थोबाडावर घालाय पायजे हुती."