आप्पांनी आवळलेले चार बोल्ट

समोर बोल्ट दिसला आणि तो आवळला नाही, तर आप्पांना घास उतरत नसे. उभी हयात बसच्या वर्कशॉपमध्ये फिटर म्हणून गेली. निवृत्त झाले तरी हात शिवशिवायचे. कुणाकडे चहाला गेले, तरी बसण्याआधी खुर्चीखाली वाकून बघणार. बिल्डिंगमध्ये त्यांना ‘आवळेआप्पा’ म्हणत, अर्थात पाठीमागे. तोंडावर म्हणायची छाती फक्त खालच्या मजल्यावरच्या मास्तरीणबाईंची.

सुनेने हौसेने वॉशिंग मशीन घेतलं. ते बसवून द्यायला कंपनीचा माणूस येणार होता, त्याला आप्पांनी फोनवरच वाटेला लावलं. फिटरच्या घरी फिटर कशाला? पाण्याचा पाइप जोडला, मशीन सरकवताना मागे चार बोल्ट दिसले, जरासे सैल. आप्पांनी ते जीव खाऊन आवळले.

कपडे पिळायची वेळ आली आणि मशीनच्या अंगात आलं. थडथड करत ते चक्क बाथरूमच्या उंबऱ्यापर्यंत चालत आलं. खालून मास्तरीणबाई वर.

“आवळेआप्पा, माझ्या कपाटातल्या बश्या नाचतायत. वर काय गिरणी टाकलीत?”

“सूनबाई चादरी कोंबते,” आप्पा म्हणाले. “यंत्राला प्रमाण लागतं.”

सून म्हणाली, “दोनच चादरी होत्या आप्पा. कंपनीच्या माणसाला बोलवू का?”

“तो काय वेगळं सांगणार?”

मग आप्पांनी मशीनच्या पायांखाली रबर घातलं, पाणसळ लावून पाय वरखाली केले आणि दर वेळी मागचे चार बोल्ट आणखी आवळले. मशीन आणखी थडथडलं. आप्पांनी जेवताना चादरींचं मुलाच्या कानावर घातलं, मुलगा बायकोला म्हणाला, “आप्पा सांगतात तसं कर ना जरा.” दुसऱ्या दिवसापासून ती चादरी हाताने धुऊ लागली. जड चादरी पिळून पिळून तिचं मनगट सुजलं. तिने त्यावर पट्टी बांधली, आणि आप्पांनी ती पट्टी न दिसल्यासारखं केलं.

एका दुपारी सून कामावर असताना आप्पांचा एक मोजा ड्रममध्ये राहिला. तो काढायला त्यांनी हात घातला, आधारासाठी ड्रम वर रेटला. स्प्रिंगांवर टांगलेला ड्रम तसूभर हलला नाही. आप्पा तसेच वाकलेले राहिले. आयुष्यभर त्यांनी बसच्या खाली स्प्रिंगा बसवल्या होत्या. स्प्रिंग करकचून बांधली तर खड्ड्याचा दणका थेट प्रवाशाच्या मणक्याला बसतो, हे शिकाऊ पोरांना कान धरून सांगणारे तेच. हे चार बोल्ट मशीनचे नव्हतेच. ट्रकमधून येताना ड्रम आत आपटू नये म्हणून घातलेले. घरी आल्यावर काढायचे, आणि यांनी आवळले.

त्यांनी ते काढले आणि मशीन चालवून बघितलं. ते मांजरासारखं गुरगुरत राहिलं. आप्पांचे कान मात्र तापले.

संध्याकाळी सून घरात शिरते न शिरते तोच मास्तरीणबाई हजर. “आज बश्या शांत. शिकली वाटतं सूनबाई कपडे टाकायला.”

सून थकलेलं हसली. “हो, आप्पांनीच शिकवलं.”

ती खोचून बोलली असती तर आप्पांना बरं वाटलं असतं. पण तिला ते खरंच वाटत होतं. आता गप्प बसलं, की विषय कायमचा मिटणार होता. आप्पांनी खिशातून बोल्ट काढून टेबलावर ठेवले.

“तिची चूक नव्हती,” ते म्हणाले. “हे काढायचे होते. मी आवळत होतो.”

मास्तरीणबाई गॅसवर दूध आहे म्हणत जिना उतरल्या. त्यांच्याकडे संध्याकाळी दूध येत नाही, हे साऱ्या बिल्डिंगला ठाऊक आहे.

सुनेने एक बोल्ट उचलून पाहिला, परत ठेवला.

“मी पहिल्याच दिवशी विचारलं होतं आप्पा.”

“विचारलं होतंस.”

“मग हे यांनाही सांगा. जेवताना. तुमच्या तोंडाने.”

“सांगतो.”

ती आत गेली. मुलगा यायला बराच अवकाश होता. तरी आप्पांनी शर्ट बदलला, केस नीट बसवले आणि साहेबाच्या केबिनबाहेर बसावं तसे गुडघे जुळवून दारासमोर बसून राहिले.