टेट्रामरची खाट

ज्या वाणीने बत्तीस वर्षं माणसं सावध केली, त्याच वाणीचा एक गोड बोल धरून माणसं आंधळेपणाने चालत राहावीत, आणि ते आपल्याच लेकीच्या साक्षगंधात, म्हणजे साखरपुड्यात, आपल्याच मांडवात, आपल्याच डोळ्यांनी पाहावं लागावं, असा दिवस देवराव दुर्गे यांच्या वाट्याला आला. त्या दिवसाची ही कथा. पण दिवस कळायचा तर आधी माणूस कळला पाहिजे.

देवराव अहेरीचे. सरकारी दवाखान्याच्या प्रयोगशाळेत रक्त तपासणं हे त्यांचं काम, आणि तेच त्यांचं व्रत. सुई टोचण्याआधी ते समोरच्याचं बोट आपल्या दोन्ही तळव्यांत धरून ऊब द्यायचे. "गार बोट रक्त देत नाई," ते म्हणायचे, "अन् भ्यालेलं बोट त् मुळीच देत नाई." मग नाव, गाव, रानातल्या मोहाची चौकशी, आणि बोलता बोलता थेंब काचेवर. सिकलसेल या रक्ताच्या आनुवंशिक रोगाच्या तपासणीसाठी त्यांनी किती गावं पायाखाली घातली, याचा हिशोब त्यांनी कधी ठेवला नाही. निरोगी माणसाला पांढरं कार्ड, रोगाचा अंश अंगात बाळगूनही धडधाकट असणाऱ्याला पिवळं, आणि प्रत्यक्ष रोग्याला लाल. देवरावांच्या स्वतःच्या खिशात पिवळं कार्ड होतं. लेक हर्षा, तिचंही पिवळं.

या व्रताच्या मुळाशी एक खाट होती.

देवराव सोळा वर्षांचे असताना त्यांचं घर एटापल्लीच्या बाजूला, नाल्यापलीकडच्या वस्तीत होतं. धाकटी बहीण नंदिनी चौदाची. तिचे सांधे दुखायचे, पोट दुखायचं, डोळे पिवळे पडायचे. त्या वर्षी दुखणं असं उसळलं की तिला खाटेवर घालून डांबरी रस्त्यापर्यंत न्यावं लागलं. पुढे वडील आणि काका, मागे शेजारचा सुकलू आणि देवराव. तिघे उंच, देवरावांचा खांदा वीतभर खाली. खाट त्यांच्या कोपऱ्याकडे कलायची, पोरीचं दुखरं अंग त्या बाजूला घसरायचं. ती एवढंच म्हणाली, "दादा, तुह्याकडून उतार लागते." देवरावांनी अंगातला सदरा काढून घडी करून खांद्यावर ठेवला. तरी उतार गेला नाही. रस्ता यायच्या आत नंदिनी गेली.

तो उतार देवरावांच्या खांद्यातून पुढे कधीच उतरला नाही.

पुढे नोकरी लागली, आणि एका प्रशिक्षणात नागपूरहून आलेल्या बाईंनी फळ्यावर एक शब्द लिहिला : टेट्रामर. बाई म्हणाल्या, रक्ताला लाल करणारं हिमोग्लोबिन हे प्रथिन आहे, आणि ते टेट्रामर आहे. म्हणजे चार साखळ्यांनी एकत्र येऊन केलेलं एक शरीर. एकटी साखळी असेल तर तिला हे नाव लागत नाही. दोघी जुळल्या तर त्याला डायमर म्हणतात. चौघी जुळून एक झाल्या आणि एकच काम करू लागल्या, की मगच टेट्रामर. इतर शिकाऊंनी शब्द वहीत उतरवला. देवरावांनी तो उरात उतरवला. चौघं मिळून एक, आणि चौघांचं काम वाहून नेण्याचं. त्यांना फळ्यावर अक्षरं दिसेनात. खाट दिसू लागली.

त्या दिवसापासून गावोगाव देवरावांची खाट निघाली. समाजमंदिरापुढे, आठवडी बाजाराच्या कडेला, बुद्धजयंतीच्या मांडवात ते चार माणसं उभी करायचे, खाट त्यांच्या खांद्यावर द्यायचे, खाटेच्या चार कोपऱ्यांवर चार गाठोडी ठेवायचे आणि सांगायचे : "हे चौघं म्हणजे टेट्रामर. एकेकाच्या वाट्याला एकेक गाठोडं. गाठोड्यात प्राणवायू. फुप्फुसातून उचलायचा, अंगभर वाटायचा. चांगल्या रक्तात खाट रिकामी झाली की मोकळी परत येते. सिकलसेलच्या रक्तात खाट रिकामी झाली की दुसऱ्या रिकाम्या खाटेला चिकटते, तिला तिसरी चिकटते, खाटांचा दोर वळला जातो, आणि गोल पेशी विळ्यासारखी वाकते. काऊन वाकते? त् साखळीतल्या सहाव्या जागेवरचा एक मणी बदलला म्हणून. एक मणी, माय, एकच मणी."

आणि लोकांना ते कळायचं. ज्यांनी आपली माणसं खाटेवरून नेली, त्यांना खाटेची भाषा शिकवावी लागत नाही.

पण देवरावांनी दोन गोष्टी आपल्या पदरच्या घातल्या होत्या. बाईंनी सांगितलं होतं की चारांपैकी दोन साखळ्या एका जातीच्या, दोन दुसऱ्या जातीच्या, आणि दोन्ही जाती घडवण्याचा नकाशा आई आणि बाप या दोघांकडूनही येतो. हे सांगायला लांब पडे. म्हणून देवराव म्हणू लागले, "पुढचे दोघं आईकडले, मागचे दोघं बापाकडले." लोक माना डोलवायचे. दुसरी गोष्ट त्याहून खोलवरची. चार माणसं निवडताना ते उंची मोजल्याशिवाय खाट उचलू देत नसत. "खांद्याले खांदा जुळला पायजे. उतार नको." हे विज्ञान नव्हतं. ती नंदिनी होती.

आणि शेवट? पिवळ्या कार्डाच्या दोघांनी लग्न केलं तर दर बाळंतपणाला चारात एक वाटा लाल कार्डाचा, हे देवराव सांगायचे. पण खाट खाली ठेवल्यावर, गाठोडी सोडताना, हलक्या आवाजात. तोवर टाळ्या झालेल्या असायच्या. लोक चहाकडे वळलेले असायचे. पूर्वरंगाला सारं गाव, आणि उत्तररंगाला रिकामी खाट. देवरावांच्या ते ध्यानात कधी आलं नाही.

निवृत्त झाल्यावरही खाट थांबली नाही. नोकरीची शेवटची पाच वर्षं पोंभुर्ण्याच्या बाजूला गेली होती. तिथल्या बायांच्या गटांनी तो खेळ उचलला, त्यात गाणं घातलं, टाळ्या घातल्या. देवरावांशिवायही आपली खाट फिरते, हे ऐकून त्यांचे डोळे भरून यायचे. आपण गेल्यावरही हे चालेल, असं ते पत्नी गिरजाबाईंना म्हणायचे.

त्याच बाजूच्या एका गावातून हर्षाला स्थळ आलं. मुलगा राजदीप, वनविभागाच्या रोपवाटिकेत कामाला, शांत, समजूतदार. त्याची आई इंदुताई त्या गटांपैकी एकाची पुढारी. फोनवरून मुलगा-मुलगी बोलू लागले होते, आणि हर्षा स्वयंपाक करताना गुणगुणू लागली होती. हर्षाचं कार्ड पिवळं आहे असं सांगून देवरावांनी एकदा कार्डाचा विषय काढला. इंदुताई म्हणाल्या, "तुमच्या सांगण्याबाहेर आमी नाई, भाऊ. साक्षगंधाले संग आणतो." साऱ्या तालुक्याला कार्ड मागणारा हा माणूस, पण आज तो मुलीचा बाप होता. दुसऱ्यांदा विचारायला त्यांची जीभ रेटेना. आपल्या शिकवणीतलं घर आहे, एवढ्यावर ते निश्चिंत झाले.

साक्षगंधाचा दिवस उगवला. अंगणात हिरवा मांडव, पांढऱ्या वस्त्रावर तथागतांची तसबीर, मेणबत्त्या, निशिगंध. त्रिशरण-पंचशील झालं. अंगठ्यांची तबकं पुढे आली, आणि इंदुताई उठल्या. पदराच्या गाठीतून त्यांनी प्लॅस्टिकच्या पिशवीत जपलेलं कार्ड काढलं, गिरजाबाईंकडून हर्षाचं मागून घेतलं, आणि दोन्ही कार्डं पांढऱ्या वस्त्रावर शेजारी शेजारी ठेवली.

पिवळं. आणि पिवळं.

"घ्या भाऊ," इंदुताई हसत म्हणाल्या, "खांद्याले खांदा जुळवून आणला. तीन पांढऱ्या कार्डाच्या पोरी सांगून आल्या होत्या. आमी म्हटलं, नाई. पांढऱ्यासंग पिवळं दिलं त् खाट कलते. देवरावभाऊचा सबक हाये."

मांडवात कौतुकाची कुजबुज झाली. देवरावांना ती ऐकू आली नाही. त्यांची नजर त्या दोन चौकोनांवर खिळली होती. आपल्या हातांनी असली शेकडो कार्डं भरली. इतका पिवळा रंग त्यांनी कधी पाहिला नव्हता. ज्यांनी भरबाजारात गर्दीला गप्प केलं, ते देवराव आज आपल्याच अंगणात मुके झाले होते.

"काय झालं जी?" गिरजाबाईंनी त्यांच्या दंडाला हात लावला. दंड गार होता.

"कोणी सांगतलं हे?" देवरावांनी कसंबसं विचारलं.

"कोणी म्हणजे? तुमीच. पुढचे दोघं आईकडले, मागचे दोघं बापाकडले, अन् उंची सारखी पायजे. म्हणजे नवरा-नवरीचं कार्ड सारखं. आमी त् गाण्यात बसवलं." इंदुताईंचा चेहरा अजून आनंदाचाच होता. "यंदा आमच्या गावात तीन लग्नं अशीच कार्ड जुळवून लावली. एक त् दोन जीवांची हाये."



तीन लग्नं. अज्ञानातून झाली असती तर त्यांनी कपाळाला हात लावून सोसलं असतं. ती ज्ञानातून झाली होती, त्यांच्या ज्ञानातून, त्यांच्यावरच्या विश्वासातून. लोकांनी त्यांचा शब्द टाकला नव्हता. लोकांनी तो झेलला होता, गाण्यात बसवला होता, पदराच्या गाठीत जपला होता. उपेक्षेने माणूस दुखावतो, पण अशा आदराने तो हादरून जातो. एक अघटित देवरावांनी सोळाव्या वर्षी खांद्यावर पाहिलं होतं. दुसरं आज ते पांढऱ्या वस्त्रावर पाहत होते.

"बाबा," हर्षा जवळ आली. तिला कळलं होतं. बापाचा चेहरा वाचायला तिला कार्ड लागत नव्हतं. "यात चुकलं काय?"

देवराव उठले. परसात गेले आणि खाट ओढत मांडवात घेऊन आले. "चार जण या," ते म्हणाले. "हर्षा, तू ये. राजदीप, तुमी. इंदुताई, तुमी. अन् गिरजा, तू."

"उंची जुळत नाई जी," गिरजाबाई म्हणाल्या.

"नको जुळू दे."

खाट उचलली गेली. राजदीप उंच, हर्षा ठेंगणी. खाट तिरकी झाली. देवरावांनी तिच्यावर गाठोडी ठेवली नाहीत. ती दोन कार्डं ठेवली. कार्डं घसरत घसरत हर्षाच्या कोपऱ्याशी येऊन थांबली.

"मी सांगून होईपर्यंत खाट खाली ठेवायची नाई," ते म्हणाले, आणि बत्तीस वर्षांत प्रथमच त्यांनी शेवटापासून सुरुवात केली. "मी चुकीचं शिकवलं. उंची जुळवणं हे रक्ताचं शास्त्र नव्हे. ते माह्या बहिणीचं दुःख होतं. टेट्रामर म्हणजे चार साखळ्या मिळून एक, एवढंच त्या शब्दात हाये. त्यात नवरा-नवरी नाई, पुढचं-मागचं नाई. बिघडलेल्या साखळीचा नकाशा पिवळ्या कार्डाच्या माणसाजवळ एक चांगला अन् एक वाईट असते. तो बाळाले दोन्हीतला एकच देते. पांढऱ्यासंग पिवळं आलं त् बाळाले हा रोग होत नाई. फार त् पिवळं कार्ड मिळते. पिवळ्यासंग पिवळं आलं, अन् दोघांकडूनही वाईटच आला, त् बाळ लाल. चारात एक वाटा. अन् दर बाळाले तो वाटा पुन्हा नवा."

इंदुताईंच्या चेहऱ्यावरचा रंग उतरत गेला. पण त्यांनी खाट सोडली नाही.

"आत्याचं लाल होतं?" हर्षाने विचारलं. या घरात तिच्या आत्याबद्दल आजवर कोणी बोललं नव्हतं.

"तवा कार्डं नव्हती, बाई. पण लालच." आणि मग देवरावांनी नाला सांगितला, सदऱ्याची घडी सांगितली, आणि नंदिनीचं ते शेवटचं वाक्य सांगितलं.

राजदीप हळूच म्हणाला, "गर्भातच तपासता येते म्हणतात."

"येते," देवराव म्हणाले. "जे करान ते डोळे उघडे ठेवून करा. लग्नाले मनाई करणारा मी कोणी नाई."

हर्षाने खांदा न हलवता मान वर करून राजदीपकडे पाहिलं. "तपासल्यावर जे ठरवावं लागन, ते मले ठरवता येणार नाई," ती म्हणाली. "मी या खाटेचा एक कोपरा उचलून पाह्यला. बाळाले त्यावर घालणं माह्याच्यानं होणार नाई. मले माफ करा."

राजदीपने डोळे मिटले. मग मान हलवली, एकदाच. खाट खाली आली तेव्हा त्याने तिचा कोपरा आधी टेकवला, म्हणजे हर्षाच्या बाजूला भार पडू नये. पांढऱ्या वस्त्रावरच्या अंगठ्या तशाच राहिल्या. दोन्ही घरच्या बाया रडत होत्या. स्वयंपाक झालेला होता, म्हणून सगळे जेवले.

निघताना इंदुताई देवरावांपुढे उभ्या राहिल्या. त्या शिव्या देतील असं त्यांना वाटलं, आणि त्यांनी मान खाली घातली.

"आमच्या गावात तीन घरं हायेत, भाऊ," इंदुताई म्हणाल्या. "दोन जीवांची पोरगी माह्या जावेची सून. तिले दवाखान्यात कोणी न्यायचं? तिले सांगणार कोण? उद्या सकाळी या. गाणं मीच बसवलं होतं. एक कोपरा मी धरीन."

दुसऱ्या दिवशी सकाळी ऊन चढायच्या आत पोंभुर्ण्याकडच्या त्या गावात समाजमंदिरापुढे खाट उचलली गेली. पहिला कोपरा इंदुताईंचा. समोर तिन्ही जोडपी बसली होती. त्यांतली एक पोरगी पोटावर हात ठेवून. देवरावांनी त्यांना नाव, गाव विचारलं नाही, मोहाची चौकशी केली नाही. त्यांनी थेट उत्तररंग लावला. प्रत्येक चेहऱ्यावर त्यांना कालचा आपलाच चेहरा उमटताना दिसत होता.

"भाऊ, खांदा भरून आला," मधेच इंदुताई म्हणाल्या.

"असू द्या, बाई," देवराव म्हणाले. "अजून एक वाक्य हाये, गर्भातल्या तपासणीचं. ते ऐकल्याशिवाय कोणी उठायचं नाई."

आणि कोणी उठलं नाही.