पाटाच्या गाण्यातलं सुटलेलं नाव

राणी नोहेआलानीचा हुकूम लोक एखाद वेळी मोडतील, पण तिचं गाणं मोडायची कुणाची छाती नव्हती. खोऱ्यातलं पाणीच मुळी गाण्यावर वाटलं जाई. पाट खणायला ज्या घराने हात लावला त्याचं नाव राणी गाण्यात गुंफायची आणि त्या घराच्या अळूच्या खाचराला पाणी मिळायचं. मोठ्या शिळेपुढे एकदा म्हटलेल्या गाण्यात मागाहून कुणाचं नाव घालायचं नाही, हा बापजाद्यांचा दंडक.

नव्या पाटाचं गाणं झालं. माणसं खुशीत घरी गेली, पुआलेइ तेवढी बसून राहिली. तिच्या नवऱ्याने, कपाहूने, पाटाचा पहिला दगड फोडला होता आणि दरडीखाली तिथेच जीव सोडला होता. नेमकं त्याचंच नाव सुटलं होतं. राणीला मेल्याहून मेल्यासारखं झालं. ओळींचा नाद सांभाळण्याच्या भरात तिने माणूस हरवला होता.

म्हातारा पाटकरी माकोआ म्हणाला, नवं नाव हवं तर नवा चर खणायला हवा, आणि पुआलेइच्या घरात आता खणणारं आहे कोण?

"मी खणते," राणी म्हणाली.

"राणीसाहेब, तुम्ही उभ्या असलात की रयतेनं खाली बसायचं असतं. मग आम्ही काय बसून खणायचं?"

"बसा की खुशाल. मी एकटी खणेन."

तीन दिवस ती खणायची काठी घेऊन चिखलात खपली. हाताला फोड आले, चर मात्र वीतभरच सरकला. लोक काठावर बसून बघत राहिले. चौथ्या दिवशी पुआलेइला राहवेना. ती सरळ उठून चरात उतरली.

"अशी धरतात होय काठी? द्या इकडे."

राणीने मुकाट्याने काठी दिली. मग माकोआ कुरकुरत उठला, आणि त्याच्यामागे सगळेच.

चर पुआलेइच्या खाचराला भिडला. आपल्याच कष्टांचं गाणं राणी कसं रचणार? तेव्हा शिळेपुढे पुआलेइ उभी राहिली.

"कपाहूने दगड फोडला. त्याच्या मागून नोहेआलानी आली, पुआलेइच्या घरचा गडी."

राणीला गडी म्हटलं! लोक राणीकडे बघू लागले. राणीच्या डोळ्यांतून घळघळा पाणी वाहत होतं.

"माझ्यावर गाणी उदंड झाली गं," ती म्हणाली. "खरं हे पहिलंच."

माकोआने चराच्या तोंडावरचा दगड बाजूला केला आणि पाणी सोडलं.