साडू यादीत नव्हता

माझी आई पनवेलच्या मच्छीबाजारात मासळी विकायची आणि महिन्यातून एकदा ठेवणीतलं लुगडं नेसून बँकेच्या संचालक मंडळात बसायची. आमच्या त्या लहानशा सहकारी बँकेत बायकांसाठी राखीव जागा होत्या आणि त्या भरायच्या म्हणून भरल्या जात. आईला घेतलं, कारण बाजारातल्या निम्म्या बायकांनी तिच्या शब्दावर तिथे खाती उघडली होती. सभेत तिला काम एवढंच, की चहा प्यायचा, बटाटेवडा खायचा आणि ‘सही कुठं करू?’ असं विचारायचं. बाकीचे संचालकही तेच करत. फरक इतकाच की ते चष्मा लावून करत.

मग जवळचीच दुसरी एक बँक बुडाली. तिथल्या संचालकांनी आपल्याच सोयऱ्याधायऱ्यांना कर्जं वाटली होती आणि ती परत आली नव्हती. व्यवहारांवर बंदी आली, शटर अर्धं खाली आलं. आईच्या शेजारी सुकी मच्छी विकणाऱ्या बाईचे लेकीच्या लग्नासाठी साठवलेले पैसे तिथे अडकले. बाजार उठला की ती रोज त्या बँकेच्या पायरीवर जाऊन बसे. तिला आत कोणी बोलवत नसे आणि कोणी हाकलतही नसे. एके दिवशी आई तिला उठवून आणायला म्हणून गेली आणि बराच वेळ तिच्या शेजारी नुसती बसून परत आली.

त्यानंतर तिने ‘सही कुठं करू?’ विचारणं सोडलं. सभेचे कागद ती घरी आणू लागली आणि माझ्याकडून वाचून घेऊ लागली. मी तेव्हा नुकतीच शाळेत शिकवायला लागले होते. दिवसभर पोरांपुढे घसा फोडून आल्यावर मी कंटाळा केला, की ती म्हणे, “लोकांच्या पोरांना शिकवतेस, मंग आयशीला शिकवताना काय दुकतं?”

अशा बँका बुडाल्यावर वरून नवे नियम आले. संचालकांच्या नातेवाइकांना यापुढे कर्ज द्यायचं नाही, हा त्यातला मोठा नियम. तो समजावण्यासाठी एका हॉलमध्ये संचालकांचा वर्ग भरवला होता आणि कागद सांभाळायला मी आईबरोबर गेले होते. नातेवाईक म्हणजे नेमके कोण, याची यादी वर्ग घ्यायला आलेल्या साहेबांनी वाचून दाखवली. नवरा-बायको, आईवडील, मुलगा-सून, मुलगी-जावई, भाऊ-भावजय, बहीण आणि तिचा नवरा, मेहुणा, मेहुणी. आई उभी राहिली.

“साडू हाय काय यात?”

साहेबांनी यादीवरून पुन्हा बोट फिरवलं. “नाही. साडू नाही.”

“मंग लिवनाऱ्याला साडूच नसंल,” असं म्हणत आई खाली बसली. हॉल खदखदून हसला. सगळ्यात मोठ्याने हसले आमचे चेअरमन, आणि का ते आम्हाला लवकरच कळलं.

चेअरमनची बायको आणि माझी मामी सख्ख्या बहिणी. म्हणजे मामा चेअरमनचा साडू. या मामाला आईनेच वाढवलं होतं. आजी गेली तेव्हा तो रांगत होता, आणि पाटी डोक्यावर नि भाऊ कडेवर घेऊन आई बाजार करायची. तो आमच्याच बँकेचा सभासद होता आणि आता त्याला जासईला, बंदराजवळ, कंटेनर ठेवायचं यार्ड टाकायचं होतं. जागा भाड्याची, तारण म्हणावं असं हाताशी काही नाही, आणि कर्ज मोठं हवं होतं. साडू यादीत नाही म्हटल्यावर चेअरमननी त्याचा अर्ज बिनघोर पुढे सरकवला. मॅनेजर भला माणूस. त्याने अर्जाकडे बघून सांगितलं, “साडू यादीत नाही, पण भाऊ आहे. ताई संचालक असेपर्यंत हे कर्ज होणार नाही.”

दुसऱ्याच दिवशी चेअरमन आमच्या घरी आले. “ताई, तुम्ही राजीनामा द्या. तुमच्या जागी लेकीला घेऊ, शिकलेली आहे. मामा-भाची यादीत नाहीत, मी बघूनच आलोय.”

माझा पारा चढला. कायदा धाब्यावर बसवायचा आणि वर मलाच त्यावर राखणीला बसवायचं! मी काही बोलणार तोच आईने मला डोळ्यांनी गप्प केलं आणि त्यांच्यापुढे चहा ठेवला. राजीनामा मात्र तिने लिहिला नाही.

मग मामा स्वतः आला. उंबऱ्यातूनच म्हणाला, “बाय, तुला मी पायजे का ती खुर्ची?”

“खुर्ची घेऊन काय चुलीत घालू?” आई म्हणाली. “बाजारातल्या बाया कागद वाचून पैसं ठेवीत नाय. माजं तोंड बगून ठेवतात. तुजं यार्ड नाय चाललं तं त्या कोनाच्या पायरीवर बसतील?”

“चालंल माजं यार्ड.”

“चालंलच. पन त्यांच्या पैशावर नको.”

मामा आला तसा परत गेला. त्या वर्षी भाऊबीजेला तो आला नाही. आईने संध्याकाळपर्यंत वाट पाहिली, मग अंगणात जाऊन चंद्राला ओवाळलं. भाऊ नसलेल्या बायका तसं करतात. भाऊ असून तिला ते करावं लागलं याचं मला फार वाईट वाटलं. आणि तितकाच तिचा अभिमानही वाटला. असं दोन्ही एकदम वाटतं हे मला तोवर माहीत नव्हतं.

मामाने बाहेरून चढ्या व्याजाने पैसे उचलून एक जुना ट्रेलर घेतला आणि स्वतःच चालवू लागला. बँकेची तपासणी झाली, ती सुखरूप पार पडली. पुढे संचालक मंडळाची निवडणूक लागली, तेव्हा चेअरमननी आपल्या पॅनलमधून आईचं नाव अलगद गाळलं. “मंग एकटी उबी ऱ्हाते,” आई म्हणाली. अर्जाला सूचक म्हणून एक सभासद हवा होता. चेअरमनशी वाकडं कोण घेणार? गावातल्या एकेकाला काहीतरी काम निघालं. बाजारातल्या बाया सही करायला तयार होत्या, पण त्यांची नुसती खाती होती, त्या सभासद नव्हत्या. शेवटच्या दिवशी आम्ही दोघी बिनसहीचा अर्ज घेऊन निवडणूक अधिकाऱ्याच्या टेबलापाशी उभ्या होतो. समोर चेअरमन आपल्या पॅनलसह बसले होते.

तेवढ्यात मामा आत आला. जासईची धूळ केसांत, शर्टाला ग्रीस. आईकडे न बघता त्याने तिच्या हातातला अर्ज घेतला आणि टेबलावर ठेवून खिशातलं पेन काढलं.

चेअरमन उठलेच. “अरे, कळतंय का तुला? ही निवडून आली तर पुढची पाच वर्षं तुला इथून छदामही मिळणार नाही.”

“ठाव हाय,” सही करता करता मामा म्हणाला. “पन माजं पैसं मी इथंच ठेवतो.”