चित्र संपल्यावरची सहा मिनिटं

लॅपटॉपचा पडदा चित्रित करायचं काम माझ्याकडे आलं, तेव्हा मला नोकरीला लागून जेमतेम दीड वर्ष झालं होतं आणि आपल्याला सगळं येतं अशी माझी ठाम समजूत होती. नव्वदचं दशक संपत आलं होतं. जे. पी. नगरमधल्या एका घराच्या वरच्या मजल्यावर आमची छोटी सॉफ्टवेअर कंपनी होती. मस्कतच्या एका व्यापाऱ्याचं औषधांचं गोदाम आमच्या प्रोग्रॅमवर चालायचं. त्याची नवी, माउसवर चालणारी आवृत्ती त्यांना शिकवायची होती. माणूस पाठवण्यापेक्षा पडद्यावर सगळं करून दाखवा, बरोबर बोलत जा आणि त्याची सीडी पाठवा, असं साहेबांनी ठरवलं.

करून दाखवणार होते अण्णा. तो प्रोग्रॅम त्यांनीच लिहिलेला. मस्कतच्या नोंदींत काही चुकलं की इथून मोडेम लावून दुरुस्त करणारेही तेच. त्यांचं घराणं चार पिढ्यांपासून बेंगळूरचं, त्यामुळे त्यांच्या मराठीत निम्मं कन्नड. मी निपाणीची, मला दोन्ही कळायचं. मी त्यांच्या निम्म्या वयाची, तरी हुकूम सोडते म्हणून ते मला अक्का म्हणायचे. ऑफिसात तिसऱ्या कुणाला मराठी येत नव्हतं. त्यामुळे साहेबांसमोर बसून साहेबांविषयीच बोलायची आम्हा दोघांना चटक लागली होती. मराठी म्हणजे आमची बंद खोली होती. तिच्यात आम्ही काहीही बोलायचो.

बाहेरचा आवाज नको म्हणून सामान ठेवायच्या खोलीत खिडकी लावून बसलो. पहिल्या दिवशी आठव्या मिनिटाला लॅपटॉपची डिस्क भरली. मी पडद्यावरचे रंग कमी करून दोनशे छप्पन्नवर आणले. मग चित्रण नीट चाललेलं असताना स्क्रीनसेव्हर आला आणि अण्णांच्या बोलण्यावर तीन मिनिटं रंगीत नळ्या फिरत राहिल्या. तो बंद केला. माइक जोडला तर चित्र उचक्या देऊ लागलं, दोन्ही एकदम पेलायची त्या लॅपटॉपची ताकद नव्हती. शेवटी चित्र लॅपटॉपवर घ्यायचं, आवाज शेजारच्या मोठ्या संगणकावर घ्यायचा आणि नंतर दोन्ही जोडायचं, अशी युक्ती मी काढली. साहेबांनी शाबासकी दिली. मी हवेतच होते.

एक दोष मात्र जाईना. चित्रात माउसचा बाण भरकटायचा. अण्णा म्हणायचे, "आता इथे दाबा," आणि बाण त्या बटणाच्या पुढे जायचा, मागे यायचा, कोपऱ्यात शिरून तिथेच फिरत बसायचा. त्या लॅपटॉपच्या फिकट पडद्यावर बाण जोरात हलवला की दिसेनासा व्हायचा, म्हणून मी सगळा दोष पडद्यावर ढकलला. बाण मोठा केला, काळा केला, त्याच्यामागे शेपूट लावलं. चित्रण करणारा प्रोग्रॅम काढून पुन्हा घातला. चार दिवस हेच. अण्णा दर वेळी म्हणायचे, "स्वल्प थांब गं, पडदाच खराब आहे हा."

पाचव्या दिवशी ते जेवायला गेले असताना मी स्वतः तेच काम चित्रित करून पाहिलं. पडदा तोच, लॅपटॉप तोच, सेटिंगही तीच. बाण सरळ बटणावर जाऊन थांबला. मी ते पुन्हा लावून पाहिलं. लॅपटॉपमध्ये काहीच बिघडलेलं नव्हतं. मग एकेक गोष्ट आठवायला लागली. अण्णा दाराच्या चौकटीला खांदा आपटायचे. बाजूला ठेवलेला कॉफीचा पेला त्यांच्या हातून कलंडायचा. धूळ गेली म्हणत ते दुपारी डोळ्यांत थेंब घालायचे. जुना प्रोग्रॅम नुसत्या कीबोर्डवर चालायचा आणि तो त्यांच्या बोटांना पाठ होता, म्हणून इतके दिवस कुणाला काही कळलं नव्हतं.

ते परत आल्यावर मी एवढंच म्हटलं, "अण्णा, तुम्ही बोला. माउस मी धरते."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "सरी, तसंच करू," म्हणाले.

त्या दुपारी सगळं एका दमात झालं. मी लॅपटॉपवरचं चित्रण थांबवलं आणि डोळ्यांचं विचारलं. आधी त्यांनी खालच्या मालकीणबाईंच्या डोशांवर विषय नेला. मग त्यांनी सांगितलं. दोन्ही डोळ्यांत काचबिंदू होता. कडेचं सगळं गेलं होतं, समोरचं तेवढं दिसत होतं आणि तेही आक्रसत चाललं होतं. "नळीतून बघितल्यासारखं दिसतंय. मागच्या महिन्यात मस्कतच्या नोंदीत एक चूक झाली माझी, मलाच सापडली म्हणून बरं. कळलं तर उद्याच घरी बसवतील. पोरीचं कॉलेज अजून दोन वर्षं आहे. तेवढी निभावली की मीच जाईन बघ."

मला त्यांची कणव आली आणि भीतीही वाटली. गोदामात औषधं होती. कुठला साठा आधी मुदतीबाहेर जाणार, कुठला बाहेर काढायचा, हे त्या नोंदींवरून ठरायचं. पण ही भीती मी त्यांना बोलून दाखवली नाही.

दुसऱ्या दिवशी चित्र आणि आवाज जोडले, तर आवाज सहा मिनिटांनी जास्त भरला. लॅपटॉप थांबवताना शेजारचा संगणक थांबवायला मी विसरले होते. चित्र संपून पडदा काळा झाला आणि त्या काळ्या पडद्यावर अण्णांचा आवाज डोशांविषयी बोलू लागला. मी तिथेच बंद केलं. पुढे काय आहे ते मला आठवत नव्हतं असं म्हटलं तर ते खोटं ठरेल, चांगलं आठवत होतं. तेवढा तुकडा कापून पुन्हा जोडायचं म्हणजे अख्खी दुपार जाणार, त्यात करंट जायची टांगती तलवार. कुरियरवाला चारला यायचा होता आणि काम वेळेत झालं म्हणून मला मिरवायचं होतं. मराठीच तर आहे, मस्कतमध्ये कोणाला कळतंय, असं मनाशी म्हणून मी सीडी लिहायला लावली. अण्णांना यातलं काही सांगितलं नाही.

त्यानंतर बरेच दिवस काहीच झालं नाही. तरी मस्कतहून ईमेल आली की मी साहेबांच्या चेहऱ्याकडे बघत राहायचे. पंधरा दिवसांनी साहेबांनी आम्हा दोघांना एकदम बोलावलं तेव्हा दारातच मला कळून चुकलं. मस्कतचं पत्र दोन ओळींचं होतं. त्यांचे गोदामप्रमुख मूळचे रत्नागिरीचे. सीडीच्या शेवटचं बोलणं त्यांनी ऐकलं आणि त्यांना चिंता वाटते, कृपया तुम्हीही ऐकावं.

"मला हे कळत नाही," साहेब इंग्रजीत मला म्हणाले. आवाज चढलेला नव्हता. "एकेक वाक्य सांग. मी लिहून घेतो."

त्यांनी सीडी लावली. पडदा काळाच होता. अण्णा नजरेने मला शोधत होते. मी त्यांच्या उजव्या बाजूला बसले होते, म्हणून पूर्ण मान वळवावी लागली त्यांना. ते रागावलेले दिसले नाहीत. मला खोटं सांगता आलं असतं. पण रत्नागिरीचा माणूस एका फोनच्या अंतरावर होता, आणि त्या गोदामातली औषधं कुणाच्या तरी घरी जाणार होती. मी सांगू लागले. डोसे सांगितले. काचबिंदू सांगितला. नळी सांगितली, चूक सांगितली, पोरीचं कॉलेज सांगितलं. साहेब लिहीत होते.

मग सीडीवर थोडा वेळ नुसती पंख्याची घरघर. त्यानंतर माझा आवाज आला, माझा मलाच ओळखू न येण्याइतका मऊ. तो संपल्यावर साहेबांनी पेन थांबवलं आणि माझ्याकडे पाहिलं.

"हे तू बोललीस ना? काय म्हणालीस?"

मी इंग्रजीत सांगितलं, "मी म्हणाले, अण्णा, तुम्ही निर्धास्त राहा, माझ्या तोंडून हे कधी कुणाला कळणार नाही."

साहेबांनी तेही लिहून घेतलं.