रिकामी ठेवलेली खाली

धारगळला हमरस्त्यालगतच्या काजूच्या गोदामात आमचा बँड जमायचा. गिटारवाला डिचोलीचा, ड्रमवाला म्हणजे लग्नांत वाजवणारा बार्देशातला ख्रिस्ती मुलगा, आणि गायला मी, पेडण्यातल्या एका भजनीबुवांची मुलगी. गोव्याला नुकताच राज्याचा दर्जा मिळाला होता. कोकणी की मराठी यावरून सख्ख्या शेजाऱ्यांची बोलणी बंद झालेली, म्हणून आम्ही आपली ब्रजभाषेतली बंदिश घेतली. कुणाचाच राग नको.

तीनतालातली ती बंदिश गिटार आणि ड्रमवर चढवायची, हा आमचा हट्ट. वडिलांनी एकदाच तालीम ऐकली आणि कपाळाला हात लावला. सोळाही मात्रा सारख्याच बडवल्या जात होत्या, त्यात माझा आवाज बुडाला होता. शाळेच्या पटांगणावरच्या कार्यक्रमातही तो असाच हरवला तर बँड बंद, असं त्यांनी ठणकावलं.

"ह्या तालाक खालीच ना गो," म्हणाले.

नवव्या मात्रेला बुवालोक टाळी न देता हात उघडा करतात, ठेका हलका होतो, ती खाली. स्टेजवर चढता चढता मी ड्रमवाल्याला घाईत सांगितलं, नऊ ते बारा खाली ठेव. त्याने मान हलवली. त्याला काय समजलं हे विचारायचं भान कुणाला?

त्याच्या लेखी खाली म्हणजे रिकामं. नववी मात्रा आली आणि त्याने काठ्या हवेत धरल्या. त्याच्याकडे बघून गिटारही थांबली. आमचा मुखडा तर नेमका तिथूनच उठायचा. भरल्या पटांगणात चार मात्रा माझा आवाज एकटा उभा राहिला. तो माझाच आहे, हे मला खरं वाटेना. तेराव्या मात्रेला सगळं एकदम परत आलं, आम्ही समेवर आदळलो, आणि माझ्या अंगावर काटा आला. अजूनही येतो. पुढच्या आवर्तनात त्याने पुन्हा तेच केलं. पहिल्या रांगेत वडिलांचा उघडलेला हात तसाच वर राहिला होता.

कार्यक्रम संपल्यावर ते थेट ड्रमवाल्याकडे गेले. ही खाली तुला कोणी शिकवली, असं विचारलं. तो बिचारा घाबरला. माझ्याकडे बोट दाखवून म्हणाला, "हिणें खाली दवर म्हळें, म्हण दवरली."

वडील हसले नाहीत. डोळे पुसून त्यांनी त्याच्या खांद्यावर हात ठेवला.

"तशीच दवर," ते म्हणाले. "हिचो आवाज आयकूंक येता."