न पोचलेल्या नोटिसा

पोलीस सेवेत खून पाहिले, दरोडे पाहिले. पण मुलुंडच्या एका इमारतीतले साधे कागदी प्रकरण अजून डोक्यातून जात नाही.

गणपती होऊन दोन महिने झाले होते. सकाळची हजेरी आटोपून मी बसलो होतो, तेवढ्यात ठाणे अंमलदाराने एका बाईंना आत आणले. साठीच्या, कणकवलीकडच्या, शाळेत शिपाई म्हणून नोकरी करून निवृत्त झालेल्या. त्यांच्या इमारतीला दोन विंग. ‘ए’ विंगवाल्यांनी आपली वेगळी सोसायटी नोंदवण्यासाठी अर्ज केला होता आणि पाण्याची टाकी, पंप त्यांच्याच बाजूला होते. म्हणून बाईंसह ‘बी’ विंगच्या पाच घरांनी सहकार खात्याच्या उपनिबंधकांकडे लेखी हरकत घेतली होती. नोटीस मिळूनही हरकतदार सुनावणीला आले नाहीत, म्हणून हरकत फेटाळून सोसायटी नोंदवली, असे आदेशात लिहिले होते.

मी सवयीने सांगितले, की हा सोसायटीचा वाद आहे, वरच्या कार्यालयात अपील करा, पोलीस यात पडत नाहीत.

बाई उठल्या नाहीत. माहितीच्या अधिकारात मिळवलेली एक नक्कल त्यांनी टेबलावर ठेवली. नोटीस मिळाल्याची पोच होती ती. त्यांच्या नावापुढे सही, तारीख गणेश चतुर्थीच्या दुसऱ्या दिवसाची.

“ही सही माझी न्हय,” त्या म्हणाल्या. “तेव्हा मी गावाक होतंय. आमची पाचव घरां गावाक होती. दारांक कुलपां होती, साहेब.”

मी खुर्ची पुढे ओढली. पाच मिनिटांपूर्वी मी त्यांना बाहेर काढायला निघालो होतो, याची लाज वाटली.

बनावट सहीचा गुन्हा दाखल केला. मूळ कागद मागवले, तेव्हा कार्यालयातून कळले, की सुनावणी तोंडावर आली असल्याने नोटिसा घरोघरी देण्याचे काम ‘ए’ विंगच्या मुख्य प्रवर्तकाने, म्हणजे नोंदणीचा अर्ज करणाऱ्या गृहस्थाने, स्वतःकडे घेतले होते. हवालदार इमारतीत फिरून आले, पण कोणी तोंड उघडेना. दोन दिवसांनी तिथला वॉचमन आपण होऊन ठाण्यात आला. नोकरी जाईल म्हणून घाबरलेला. मीटरच्या खोलीत जुन्या खोक्यात काही सरकारी लिफाफे पडलेत, एवढेच सांगून तो गेला. आम्ही पंच घेऊन खोली उघडली. लिफाफे पाच निघाले आणि पाचही बंद.

प्रवर्तक कारखान्यातले निवृत्त अधिकारी, बोलायला गोड. मी लिफाफे दाखवले नाहीत. नोटिसा कशा दिल्या, एवढेच विचारले. दारोदार जाऊन दिल्या, म्हणाले. बाईंनी सही केली, वर चहाचाही आग्रह केला, म्हणाले. खोटे बोलणारा माणूस नको तेवढे तपशील देतो. मी बाईंनी आणून दिलेली गावच्या प्रवासाची तिकिटे टेबलावर ठेवली, मग एकेक लिफाफा.

“सोसायटी नोंदली जाणारच होती हो,” शेवटी ते म्हणाले. “ते लोक आले असते तर नुसता आरडाओरडा केला असता. निकाल तोच लागला असता.”

“मग येऊ का दिलं नाहीत?”

सह्या आपणच केल्याचे त्यांनी कबूल केले. हस्ताक्षर तज्ज्ञाचा अहवालही तसाच आला. आम्ही दोषारोपपत्र पाठवले.

बाईंनी केलेल्या अपिलात नोंदणी रद्द झाली आणि फेरसुनावणी लागली. त्या दिवशी मी मागच्या बाकावर जाऊन बसलो. बाई पंधरा मिनिटे बोलल्या. पंप किती वाजता चालू होतो, त्यांच्या मजल्यावर पाणी किती वेळ येते, टाकी साफ करायला कोण चढते. आरडाओरडा कोणीच केला नाही. काही आठवड्यांनी आदेश आला: ‘ए’ विंगची सोसायटी पुन्हा नोंदली गेली. प्रवर्तकांचा अंदाज खरा ठरला. फक्त या वेळी आदेशात बाईंच्या प्रत्येक मुद्द्याला लेखी उत्तर होते.

माणसे जमिनीसाठी, घरासाठी खोट्या सह्या करतात, हे मला माहीत होते. दुसऱ्याचे पंधरा मिनिटे ऐकावे लागू नये म्हणूनही कोणी गुन्हा करतो, हे या प्रकरणाने शिकवले. पुढे जिथे बदली झाली, तिथे अंमलदारांना मी हेच सांगत आलो: कलम नंतर बघा, आधी तक्रार पुरती ऐका.

आदेशाची प्रत घेऊन बाई ठाण्यात आल्या होत्या. निकाल विरोधात गेला याचे वाईट वाटते, असे मी म्हणालो. त्यांनी कागद नीट घडी करून पर्समध्ये ठेवला.

“हरलंय, साहेब,” त्या म्हणाल्या. “पण ह्या टायमाक माका इचारून.”